दोन हजार फूट

१९४३ साली ब्रिटिश सरकारनं भारत संरक्षण नियमांमध्ये एक कलम वाढवलं, ४४-अ. त्यानुसार प्रत्येक टॉकीजवाल्याला दर खेळाला सरकारनं मंजूर केलेली २,००० फूट फिल्म दाखवणं सक्तीचं झालं. बोलपटाची ३५ मिलिमीटरची फिल्म प्रोजेक्टरमधून मिनिटाला ९० फूट पळते, म्हणजे हा साधारण २२ मिनिटांचा मामला. मुख्य पिक्चर सुरू होण्याआधी २२ मिनिटं सरकार तुमच्याशी बोलणार आणि तुम्ही तिकिटाचे पैसे मोजून ते ऐकणार. आज यूट्यूबवर जाहिरात आली की पाच सेकंदांत बोट ‘स्किप’वर जातं. तेव्हा स्किप करायचं तर एकच मार्ग होता, बाहेर जाऊन विडी ओढायची.

युद्धामुळे कच्च्या फिल्मचा इतका तुटवडा होता की कथापटांची लांबी ११,००० फुटांवर आणून ठेवली होती. एकीकडे गोष्टीला कात्री आणि दुसरीकडे सरकारी फिल्मची सक्ती. वर तिचं भाडंही टॉकीजवाल्यानंच भरायचं.

फिल्म्स डिव्हिजनचे जुने लघुपट मी गेली काही वर्षं फोनवर बघते आहे. बरेचसे यूट्यूबवर फुकट आहेत. मी जळगावची, त्यामुळे कुठलीही फिल्म लावली की एक प्रश्न सोबत येतोच. ही आमच्याकडे, खानदेशात लागली तेव्हा समोरच्या खुर्च्यांवर कोण बसलं होतं? पडद्यावर काय होतं हे आता कुणीही बघू शकतं. खुर्च्यांवरचं मात्र कुणी चित्रित केलेलं नाही.

४४-अ आलं तेव्हाचं सांगता येतं. तेव्हा आजचे जळगाव, धुळे आणि नंदुरबार हे तीन जिल्हे नव्हते, पूर्व खानदेश आणि पश्चिम खानदेश असे दोनच होते. ९ सप्टेंबर १९४२ ला पश्चिम खानदेशातल्या नंदुरबारात ‘छोडो भारत’च्या मिरवणुकीवर पोलिसांनी गोळ्या झाडल्या. त्यात शिरीषकुमार मेहता आणि त्याचे चार सोबती गेले. शिरीषकुमारला सोळावं वर्षही पूर्ण झालेलं नव्हतं. त्यानंतर साधारण वर्षभरातच त्याच मुलखातल्या टॉकीजमध्ये सरकार सांगू लागलं की युद्धात आपल्या सैन्याचा पराक्रम बघा, धान्य जपून वापरा, उत्पादन वाढवा. ‘आपल्या’ या शब्दावर प्रेक्षकांत काय चुळबुळ झाली असेल याची कल्पनाच करायची.

आणि तरीही ते सैन्य खरंच आपलंही होतं. दुसऱ्या महायुद्धात सुमारे २५ लाख हिंदी सैनिक लढले, ८७ हजारांवर मेले. मराठा लाइट इन्फन्ट्रीचे यशवंत घाडगे १९४४ साली इटलीत पडले, त्यांना मरणोत्तर व्हिक्टोरिया क्रॉस मिळाला. १९४१ साली बेळगावात महार रेजिमेंट उभी राहिली. हे लोक परत आले तेव्हा त्यांचं काय करायचं हे इथल्या समाजाला नीट कळलंच नाही. स्वातंत्र्याच्या गोष्टीत ते बसत नव्हते आणि साम्राज्याची गोष्ट संपलेली होती. त्यामुळे युद्धोत्तर आठवण नावाची गोष्ट युरोपात जशी मोठी झाली, तशी आपल्याकडे झालीच नाही. युद्ध झालं, माणसं मेली, पण शोक करायला जागा सापडली नाही. लगेच फाळणी आली, आणि तिच्या शोकालाही पुढे हाच अनुभव आला.

सरकारी फिल्मचं यंत्र उभं राहिलं होतं १९४० साली, मुंबईत, ‘फिल्म ॲडव्हायजरी बोर्ड’ या नावानं. काही काळ व्ही. शांताराम तिथे होते, पुढे एझरा मीर. १९४३ ला त्याचं ‘इन्फर्मेशन फिल्म्स ऑफ इंडिया’ झालं. १९४६ साली मध्यवर्ती विधिमंडळातल्या भारतीय सदस्यांनी त्याचा खर्चच मंजूर केला नाही. परक्यांच्या युद्धाचा प्रचार आम्ही कशाला पोसायचा, हा त्यांचा मुद्दा अगदी रास्त होता. परिणाम मात्र गमतीशीर झाला. १५ ऑगस्ट १९४७ च्या मध्यरात्री भारत सरकारकडे स्वतःचं चित्रीकरण पथक नव्हतं. तो सोहळा टिपला तो पी. व्ही. पथींसारख्या खासगी कॅमेरावाल्यांनी.

मग १९४८ साली तेच यंत्र नव्या नावानं परत आलं, फिल्म्स डिव्हिजन. शहर तेच आणि सक्तीही जवळपास तीच, फक्त आता ती टॉकीजच्या परवान्यातली अट झाली. २,००० फुटांचा आकडासुद्धा तोच राहिला. १९५६ मध्ये मुख्य निर्माते म्हणून परत आले तेही एझरा मीरच. युद्धकाळातली बरीच व्यवस्था स्वतंत्र देशानं जशीच्या तशी वापरली. रेशनिंग त्यातलंच आणि बराकीही त्यातल्याच. कल्याणजवळ सैन्यासाठी बांधलेल्या छावण्यांत फाळणीनंतर सुमारे एक लाख सिंधी निर्वासित उतरवले गेले, त्याचं उल्हासनगर झालं. कोल्हापूरजवळ वळिवडे इथे १९४३ पासून सुमारे पाच हजार पोलिश निर्वासित राहत होते. सोव्हिएत फौजांनी घरांतून उचलून सायबेरियात नेलेले आणि इराणमार्गे इथवर आलेले हे लोक. १९४८ पर्यंत ते गेले, आणि त्याच वसाहतीत सिंधी कुटुंबं आली. तिचं नाव झालं गांधीनगर. एकाच भिंतींमध्ये पाच वर्षांच्या अंतरानं दोन वेगवेगळ्या खंडांतली विस्थापित माणसं राहून गेली, याची कल्पना गांधीनगरच्या बाजारात आज कपडे घ्यायला जाणाऱ्या किती जणांना असेल?

पोलिश मुलं पुढे म्हातारी झाली, त्यांनी स्वतःची संघटना काढली, आठवणी लिहिल्या, कोल्हापूरला येऊन स्मारकाला फुलं वाहिली. त्यांच्यावर अनू राधा यांचा ‘अ लिटल पोलंड इन इंडिया’ हा माहितीपट २०१३ मध्ये आला. त्याच वसाहतीत नंतर राहिलेल्या सिंध्यांवर मात्र इतका कॅमेरा कधी रोखला गेला नाही. मला वाटतं याचं कारण साधं आहे. पोल इथून निघून गेले, म्हणून इथली गोष्ट त्यांच्यासाठी ‘आठवण’ झाली. सिंधी इथेच राहिले. त्यांना दुकान उघडायचं होतं.

खानदेशातही तेच. जळगावात सिंधी कॉलनी, धुळ्यात कुमारनगर, भुसावळातही त्यांची वस्ती. सिंधमधून मोठं स्थलांतर सुरू झालं ते जानेवारी १९४८ च्या कराचीतल्या दंगलीनंतर. बंगाल किंवा पंजाबसारखी सिंधची फाळणी झाली नव्हती, अख्खा प्रांतच पलीकडे गेला होता. त्यामुळे परत जायला अर्धा जिल्हाही उरला नव्हता. जळगावच्या फुले मार्केटमधल्या एका कापडवाल्या काकांना मी जुन्या टॉकीजबद्दल विचारत होते. मुद्दा अर्थात डॉक्युमेंटरीचा होता. ते हसायला लागले. म्हणाले, “बेटा, सगळे लोक तेव्हा बाहेर जायचे. माझे वडील नाही जायचे. तिकिटात ते पण आलंय ना, मग बघायचंच.” वडील सिंधबद्दल काही सांगायचे का, असं विचारलं. “काही नाही. धंदा वाढवा म्हणायचे.”

म्हणजे निदान एक माणूस तरी ती २२ मिनिटं पूर्ण बघत होता.

काय दिसत असेल त्याला? सुरुवातीला फिल्म्स डिव्हिजन पाच भाषांत प्रती काढायचं : इंग्रजी, हिंदी, बंगाली, तमिळ आणि तेलुगू. कचेरी मुंबईत असूनही त्यात मराठी नव्हती, ती नंतर आली. अहिराणीचा तर प्रश्नच नाही. तेव्हा एक भारदस्त आवाज, शुद्ध हिंदी, मागे वाद्यवृंद, आणि पडद्यावर धरणाची भिंत, पोलादाची भट्टी, ट्रॅक्टर, शाळेत जाणाऱ्या मुली. मी पाहिलेल्या पन्नाशीच्या दशकातल्या बहुतेक लघुपटांची ठेवण ही अशी आहे. त्यांची टिंगल करणं सोपं आहे, आणि मी मित्रमैत्रिणींसोबत ती भरपूर केली आहे. पण कॅमेराकाम बघा. क्रेनच्या टोकावरून घेतलेलं दृश्य, सिमेंट ओतणाऱ्या बाईच्या चेहऱ्यावरचा प्रकाश, हे ज्यांनी केलं त्यांना आपण काहीतरी मोठं बघतो आहोत असं मनापासून वाटत होतं. एरंडोल किंवा साक्रीच्या माणसाला भाक्रा-नांगल दुसऱ्या कुठल्या मार्गानं दिसणार होतं? १९५३ नंतर पंचवार्षिक योजनेच्या प्रचाराच्या गाड्या १६ मिलिमीटरचा प्रोजेक्टर घेऊन खेड्यांत जायच्या. गावाच्या चौकात चादर ताणून बघितलेलं ते चित्र कित्येकांसाठी आयुष्यातलं पहिलं हलतं चित्र होतं.

माझी तक्रार वेगळी आहे. या फिल्म्समध्ये बांधकाम आहे, पण काय मोडलं होतं ते नाही. देश उभा राहतो आहे, पण पडला कुठे होता, कुणाचं काय गेलं होतं, याचा उल्लेख घाईघाईत येऊन जातो. आणि भाषा मात्र युद्धाचीच आहे. आघाडी, मोहीम, उत्पादनाची लढाई, देशासाठी त्याग. १९४३ च्या फिल्ममध्ये हे शब्द बंदुकीसोबत यायचे, १९५३ मध्ये कुदळीसोबत. नागरिक म्हणजे बिनपगारी सैनिक. आता सैनिकाला कुणी विचारत नाही की तुझं घर कुठे होतं आणि तू ते का सोडलंस.

हे फक्त आपल्याकडेच झालं असं नाही. ॲलाँ रेनेनं १९५५ मध्ये ‘नाइट अँड फॉग’ केली, नाझी छळछावण्यांवरची ३२ मिनिटांची फिल्म. तिच्यात एका जुन्या छायाचित्रात छावणीवर पहारा देणाऱ्या शिपायाची टोपी दिसत होती. ती टोपी फ्रेंच होती. सेन्सॉरनं हरकत घेतली आणि टोपीवर पट्टी मारून ती झाकावी लागली. लाखो प्रेतं दाखवायला परवानगी होती, पण आपल्याच शिपायाच्या टोपीला नव्हती. प्रत्येक देशाच्या युद्धोत्तर फिल्ममध्ये अशी एक झाकलेली टोपी असते, आणि ती शोधायची मला खोड लागली आहे.

या सगळ्यात एक जोडी मला फार आवडते. पहिली फिल्म ब्रिटिश आहे, हम्फ्री जेनिंग्जची ‘अ डायरी फॉर टिमथी’, १९४५ ची. टिमथी हे एक तान्हं बाळ. त्याचा जन्म ३ सप्टेंबर १९४४ चा, म्हणजे ब्रिटन युद्धात उतरल्याला बरोबर पाच वर्षं झाली त्या दिवशीचा. निवेदन लिहिलंय कादंबरीकार ई. एम. फॉर्स्टर यांनी. फिल्ममध्ये एक जखमी वैमानिक आहे, एक खाणकामगार, एक शेतकरी आणि बिल नावाचा इंजिन ड्रायव्हर. बिल दिसला की मला हटकून भुसावळ आठवतं. युद्ध संपत आलंय आणि निवेदक बाळाशी बोलतोय : आम्ही हे असं जगलो, आता तू काय करणार आहेस? पुन्हा तीच बेकारी, तीच लढाई होऊ देणार का? ही सरकारी फिल्म आहे, तरी ती विजयाच्या क्षणी शंका घेते. एकच अडचण, की टिमथी उत्तर देऊ शकत नाही. तो पाळण्यात आहे.

दुसरी फिल्म आपली आहे. १९६७, एस. एन. एस. शास्त्री, ‘आय ॲम ट्वेंटी’. शास्त्रींनी काय केलं, तर १९४७ च्या ऑगस्टमध्ये जन्मलेली मुलंमुली शोधली, ती आता वीस वर्षांची होती, आणि कॅमेऱ्यासमोर बसवून त्यांनाच विचारलं. टिमथी जणू मोठा झाला आणि बोलायला लागला. कुणी उत्साहानं देश बघायला निघायचं म्हणतो. कुणाला देशाशी काही देणंघेणं नाही, आणि तो ते सरळ सांगतो. कुणी नोकरीबद्दल कडवट आहे. भारदस्त आवाज गायब आहे. फिल्म्स डिव्हिजननं, म्हणजे सरकारनं, स्वतःच्या पैशानं हे करू दिलं यावर पहिल्यांदा विश्वास बसत नाही. त्या काळात इंदिरा गांधींच्या बोलावण्यावरून युनेस्कोतून परतलेले झाँ भावनगरी तिथे सल्लागार होते आणि त्यांनी या पोरांना मोकळं सोडलं होतं. त्याच वर्षी चारी आणि अब्राहम यांची ‘फेस टू फेस’ आली, सुखदेव यांची निवेदनाशिवायची ‘इंडिया ६७’ आली, आणि एम. एफ. हुसेन यांच्या ‘थ्रू द आइज ऑफ अ पेंटर’ला बर्लिनमध्ये सोनेरी अस्वल मिळालं. तुम्हाला यातली एकच बघायची असेल तर ‘आय ॲम ट्वेंटी’ बघा. वीसच मिनिटांची आहे आणि तिच्यातली पोरं तुमच्याच वयाची आहेत.

तरी तीही पूर्ण नाही. त्यातली बरीच मुलं इंग्रजी बोलतात. अमळनेरच्या गिरणीत किंवा केळीच्या बागेत काम करणारा वीस वर्षांचा मुलगा १९६७ साली काय म्हणाला असता, हे आपल्याला या फिल्ममधून कळत नाही. फाळणीत जन्मलेल्यांना विचारताना फाळणीबद्दल फारसं विचारलेलंही नाही. टोपी तिथेही थोडी झाकलेलीच आहे.

दरम्यान पुढची युद्धं होत राहिली आणि खानदेशात ती एका वेगळ्याच रूपात आली, कारखान्याच्या रूपात. भुसावळचा आयुध निर्माणी कारखाना १९४९ चा. तिथे दारूगोळ्याची खोकी आणि डबे तयार होतात. १९६२ ला चीनकडून मार खाल्ल्यावर देशभर संरक्षण उत्पादन वाढवायची धावपळ झाली, त्यातून १९६४ मध्ये जवळच वरणगावला दुसरा कारखाना निघाला, बंदुकीच्या काडतुसांचा. म्हणजे सीमेवर जे युद्ध झालं, त्यानं इथे क्वार्टर्स दिल्या, शाळा दिली, पगार दिला, सुनांना ‘नवरा फॅक्टरीत आहे’ म्हणायची ऐट दिली. १९६५ आणि १९७१ ची युद्धं वरणगावच्या घरांत कशी आठवली जातात? शहिदांच्या यादीपेक्षा ओव्हरटाइमच्या हिशेबात जास्त, असा माझा अंदाज आहे, आणि यात हिणवण्यासारखं काहीच नाही. युद्ध असंही आठवता येतं. फक्त त्यावर लघुपट होणार कसा, कारण अशा कारखान्यात कॅमेरा नेताच येत नाही.

१९७१ वर फिल्म्स झाल्या त्या पूर्वेकडे. झहीर रायहान यांची ‘स्टॉप जेनोसाइड’ वीस मिनिटांची. युद्ध चालू असताना, निर्वासितांच्या लोंढ्यांत उभं राहून केलेली. बांगलादेश मुक्त झाल्यावर जेमतेम दीड महिन्यात, ३० जानेवारी १९७२ ला, हरवलेल्या भावाला शोधायला गेलेले रायहान स्वतःच बेपत्ता झाले, ते परत आले नाहीत. आपल्याकडे सुखदेव यांनी ‘नाइन मंथ्स टू फ्रीडम’ केली, १९७२ ची. या फिल्म्समध्ये मोडलेलं दिसतं. पण ते शेजारच्या देशाचं मोडलेलं होतं, म्हणून दाखवता आलं, असं मला राहून राहून वाटतं.

आता परत त्या धरणाच्या भिंतीकडे येते, कारण खानदेशाची खरी गोष्ट तिथे आहे. १९४८ मध्ये हिराकूडच्या विस्थापितांपुढे बोलताना पंडित नेहरू म्हणाले होते, की सोसायचंच असेल तर देशाच्या हितासाठी सोसा. ते वाक्य फार बदनाम झालंय, पण ते क्रौर्यातून आलेलं नाही. ते युद्धातून आलेलं आहे. त्या पिढीच्या कानांनी दहा वर्षं हीच भाषा ऐकली होती. ५ एप्रिल १९६१ ला नेहरूंनी गुजरातेत केवडियाजवळ नर्मदेवरच्या धरणाची पायाभरणी केली. १९७२ मध्ये तापीवरचं उकाई पूर्ण झालं आणि त्याच्या जलाशयाचं पाणी गुजरातची हद्द ओलांडून तेव्हाच्या धुळे जिल्ह्यातल्या गावांत शिरलं. ज्या जिल्ह्यानं टॉकीजमध्ये बसून दुसऱ्यांची धरणं बघितली होती, तिथे धरण स्वतःच येऊन पोहोचलं.

मग सरदार सरोवर. महाराष्ट्रातली ३३ गावं, सगळी सातपुड्यातली, अक्कलकुवा आणि अक्राणी तालुक्यांतली, बहुतेक भिल्ल आणि पावरा आदिवासींची. नंदुरबार जिल्हा १ जुलै १९९८ ला वेगळा झाला. त्याआधी हे सगळं धुळे जिल्ह्यात मोडायचं, म्हणजे मोर्चा काढायचा तर नर्मदेच्या काठावरून निघून धुळ्याच्या कलेक्टर कचेरीपर्यंत यायचं. महाराष्ट्रातलं पहिलं बुडणारं गाव मणिबेली. तिथे आणि आसपास आनंद पटवर्धन आणि सिमंतिनी धुरू काही वर्षं व्हिडिओ कॅमेरा घेऊन जात राहिले. १९९५ मध्ये ‘अ नर्मदा डायरी’ आली. ५७ मिनिटांची.

नाव ‘डायरी’ आहे, जेनिंग्जच्या फिल्मसारखंच. तो योगायोग असेल, पण मी या दोन्ही फिल्म्स एकाच आठवड्यात पाहिल्या आणि तेव्हापासून त्या मला वेगळ्या करता येत नाहीत. इथे टिमथी पाळण्यात नाही. तो मणिबेलीत चढत्या पाण्यात उभा आहे आणि घर सोडायला नकार देतोय. पोलीस त्याला उचलताहेत. पन्नासच्या दशकातल्या फिल्म्समध्ये धरण खालून वर बघितलेलं असायचं, भिंत आकाशात चढताना. इथे तेच धरण पाण्याच्या बाजूनं दिसतं. चित्रं फारशी देखणी नाहीत, जुन्या व्हिडिओचा रंग उडालाय, आवाज कधी फाटतो. फिल्म्स डिव्हिजनच्या त्या क्रेनवरच्या कॅमेरावाल्यानं नाक मुरडलं असतं. पण चाळीस वर्षं पडद्यासमोर गप्प बसलेला प्रेक्षक इथे पडद्यावर आहे आणि तो बोलतोय. खानदेशातला माणूस देशाच्या उभारणीबद्दल आपलं मत सांगतोय असं मी तरी पहिल्यांदा या फिल्ममध्ये पाहिलं.

फिल्म आंदोलनाच्या बाजूची आहे, ते ती लपवत नाही. ज्यांना त्या पाण्याची खरोखर गरज होती त्यांची बाजू तिच्यात फारशी येत नाही, आणि कच्छमधल्या एखाद्या बाईनं ती बघून काय म्हटलं असतं हा प्रश्न मला पडतो. पण २,००० फुटांच्या कायद्यानं इतकी वर्षं दुसरीच बाजू ऐकवली होती. एका डायरीनं तो काटा फार सरकणार नाही.

नोव्हेंबर १९९३ मध्ये अक्राणी भागात सर्वेक्षणाला विरोध करणाऱ्यांवर गोळीबार झाला. त्यात रेहमल पुन्या वसावे गेला. वय १५. शिरीषकुमारही त्याच वयाचा होता आणि दोघंही जुन्या पश्चिम खानदेशातले. शिरीषकुमारचं स्मारक नंदुरबारात आहे, शाळेच्या पुस्तकात तो आहे, आम्ही त्याच्यावर भाषणं ठोकून बक्षिसं मिळवली आहेत. रेहमलचं नाव मी पहिल्यांदा ऐकलं ते कॉलेज संपल्यावर.

फिल्म्स डिव्हिजन आता वेगळी संस्था म्हणून उरलेली नाही. २०२२ मध्ये तिचं काम राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात विलीन झालं. सरदार सरोवर १७ सप्टेंबर २०१७ ला राष्ट्राला अर्पण झालं, पायाभरणीनंतर छप्पन्न वर्षांनी. ‘अ नर्मदा डायरी’त डोमखेडीची होळी आहे. सातपुड्यातली होळी म्हणजे अंगावर पांढरे ठिपके, मोरपिसांचे उंच टोप, कमरेला भोपळे आणि घुंगरं, रात्रभर ढोल. डोमखेडीचा तो काठ आता जलाशयाच्या पाण्याचा आहे. होळी थांबलेली नाही, वरच्या गावांमध्ये अजून पेटते. गेल्या काही वर्षांत तिथे नाचणाऱ्यांपेक्षा फोन जास्त दिसतात अशी जुन्या लोकांची कुरकुर असते. फोन धरणारी पोरं बहुतेक तिथलीच असतात, पावरी नाहीतर भिलोरी बोलणारी. रील तीस सेकंदांचं होतं. जुन्या हिशेबानं ४५ फूट.